इस्लामपूरचा मोर्चा आणि युद्धाचा प्रश्न

सातारा जिल्ह्याविषयी दोन गोष्टी महाराष्ट्रात सर्वत्र सांगितल्या जातात. एक अशी की, येथील घराघरांतून पलटणीत शिपाई गेलेले आहेत. आणि दुसरी अशी की, १९४२ साली इंग्रजी राज्याविरुद्ध जी चिवट झुंज महाराष्ट्रात झाली ती ह्याच जिल्ह्यात झाली. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत व दोन्ही अभिमानाने सांगितल्या जातात. परंतु त्या दोहोंचा एकमेकींशी मेळ कसा बसतो, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. ज्यांचे भाऊबंद आफ्रिकेच्या वाळवंटात, इटलीच्या डोंगरांत व ब्रह्मदेशाच्या सरहद्दीवर सरकारच्या बाजूने लढत होते, त्यांच्याच घरची तरुण मुले शाळा-कॉलेजे सोडून त्याच सरकारच्या कचेऱ्यांवर चालून गेली, हे घडले कसे? सातारकर युद्धास भिऊ लागले होते म्हणावे, तर तसे मुळीच नव्हते. मग विरोध होता तो कशाला? ह्या प्रश्नाचे उत्तर मिळाल्याखेरीज बेचाळीसच्या चळवळीचा अर्थ नीट लागावयाचा नाही, असे आम्हांस वाटते. म्हणून वाळवा तालुक्याचे मुख्य ठिकाण जे इस्लामपूर, तेथील १० सप्टेंबर १९४२ चा मोर्चा मध्यवर्ती धरून हा विषय मांडण्याचे योजिले आहे.

आरंभी स्थलनामांविषयी थोडा खुलासा केला पाहिजे. त्या काळी सातारा जिल्हा एकसंध होता. १९४९ साली त्याचा दक्षिण भाग वेगळा झाला व १९६० साली त्यास सांगली जिल्हा हे नाव मिळाले. वाळवा व तासगाव हे तालुके त्यात आले. इस्लामपुरास ईश्वरपूर असे नाव देण्याचा निर्णय २०२५ साली झाला. परंतु बेचाळीसच्या हकीकतीत ते गाव इस्लामपूर ह्याच नावाने येते; म्हणून येथेही तेच नाव ठेविले आहे.

सातारच्या शिपाईगिरीचे मूळ केवळ मर्दुमकीच्या परंपरेत शोधून भागणार नाही. माणदेशाची कोरडवाहू जमीन, डोंगरकपारीची बारीक शेते, भावाभावांतील वाटण्या आणि सावकाराचे देणे ह्या सर्वांतून मार्ग काढण्याचा एक ठरलेला उपाय म्हणजे घरातील एखाद्याने पलटणीत नाव नोंदविणे. दरमहा येणारी मनिऑर्डर व पुढे मिळणारे पेन्शन ह्यांवर कित्येक कुटुंबे तगली. पहिल्या महायुद्धात मराठा पलटणी मेसोपोटेमियात लढल्या. कूत येथे डिसेंबर १९१५ पासून एप्रिल १९१६ अखेर जो वेढा पडला व ज्याचा शेवट शरणागतीत झाला, त्यातही त्या होत्या. साताऱ्याजवळील अपशिंगे ह्या एका गावचे ४६ जवान त्या युद्धात कामास आले. तेव्हापासून त्या गावास 'मिलिटरी' ही उपाधी चिकटली ती आजतागायत आहे.

त्या वेळी देशातील पुढाऱ्यांनीही युद्धास सरसकट विरोध केला नव्हता. लोकमान्य टिळकांचे म्हणणे असे होते की, हिंदी तरुणांनी सैन्यात अवश्य जावे, परंतु ते नागरिक म्हणून, हक्क घेऊन व अधिकाराच्या जागा मिळवून जावे. जून १९१८ मध्ये मुंबईस गव्हर्नर लॉर्ड विलिंग्डन ह्यांनी भरविलेल्या युद्धपरिषदेत टिळक स्वराज्याचा विषय काढू लागताच त्यांचे भाषण मध्येच थांबविण्यात आले. सरकारला माणसे हवी होती. माणसांची अट ऐकून घेण्याची त्याची तयारी नव्हती. युद्ध संपल्यावर पुढच्याच वर्षी रौलट कायदा आला आणि १३ एप्रिल १९१९ रोजी जालियनवाला बागेत गोळ्या झडल्या. ही आठवण पुढील पिढीच्या शिदोरीत बांधली गेली. १९३९ साली वीस-बावीस वर्षांचा असलेला तरुण त्या सुमारास जन्मला होता, हे ध्यानात ठेविले पाहिजे.

३ सप्टेंबर १९३९ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो ह्यांनी हिंदुस्थान जर्मनीविरुद्ध युद्धात सामील झाल्याचे जाहीर केले. हे करण्यापूर्वी त्यांनी मध्यवर्ती कायदेमंडळास विचारले नाही, प्रांतिक मंत्रिमंडळांस विचारले नाही, कोणा पक्षासही विचारले नाही. ह्याच वेळी साम्राज्यातील इतर देशांत काय चालले होते ते पाहण्याजोगे आहे. कॅनडाच्या पार्लमेंटने चर्चा करून १० सप्टेंबर रोजी आपल्या नावाने स्वतंत्रपणे युद्ध पुकारले. दक्षिण आफ्रिकेत ह्या प्रश्नावर मते पडली. ८० विरुद्ध ६७ अशा मतांनी युद्धाच्या बाजूने निर्णय झाला व तटस्थ राहू इच्छिणाऱ्या पंतप्रधानांस पायउतार व्हावे लागले. आयर्लंड तर तटस्थच राहिले. चाळीस कोटींच्या आसपास वस्ती असलेल्या हिंदुस्थानाचा निर्णय मात्र एका जाहीरनाम्याने झाला. पुढील सर्व कलहाचे बीज येथे आहे.

त्या नोव्हेंबरात मुंबई प्रांताच्या खेर मंत्रिमंडळाने इतर काँग्रेस मंत्रिमंडळांबरोबर राजीनामा दिला. त्यापूर्वीच, २ ऑक्टोबर रोजी, मुंबईच्या सुमारे नव्वद हजार कामगारांनी युद्धाविरुद्ध एक दिवसाचा संप केला होता. पुढे १७ ऑक्टोबर १९४० रोजी पवनार येथे विनोबा भावे ह्यांनी वैयक्तिक सत्याग्रहास प्रारंभ केला. त्या सत्याग्रहात मागणी फार थोडी होती. ह्या युद्धास पैसा वा माणूस देऊ नये, असे उघडपणे बोलण्याची मोकळीक असावी, एवढेच त्यात म्हटलेले होते. सरकारने त्या बोलण्यास तुरुंग हे उत्तर दिले. गावोगावचे सत्याग्रही आगाऊ नोटीस देऊन बाहेर पडत, ठरलेली दोन वाक्ये बोलत व पकडले जात. पाहणाऱ्यास हा प्रकार कंटाळवाणा वाटे. पण त्या दोन वाक्यांनी एक काम निश्चित केले. युद्ध ही केवळ साहेबाची व पलटणीची बाब नसून तिच्यावर गावच्या माणसासही मत असू शकते, ही कल्पना त्यांनी चावडीपर्यंत पोहोचविली.

परंतु तरुणांपुढील प्रश्न आज वाटतो तितका सोपा नव्हता. बेचाळीसचा इतिहास सांगताना आपण बहुधा असे चित्र काढतो की, एका बाजूस सर्व देशभक्त व दुसऱ्या बाजूस सरकार. वस्तुस्थिती तशी नव्हती. सातारा जिल्ह्यातील एखाद्या विचारी विद्यार्थ्याने १९४१-४२ साली वडीलधाऱ्यांस विचारले असते, तर त्यास चार निरनिराळे उपदेश मिळाले असते व ते देणारी माणसे सारखीच आदरणीय होती.

मानवेंद्रनाथ रॉय ह्यांचे मत असे होते की, हिटलरचा पराभव ही साऱ्या जगाची पहिली गरज आहे. तो झाला म्हणजे साम्राज्यही आपोआप खिळखिळे होईल. म्हणून युद्धास विनाअट साहाय्य करावे. ह्या पक्षात वाईचे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी होते. त्यांनी आधीच्या कायदेभंगात तुरुंगवास भोगलेला होता. त्यांस भित्रा वा सरकारधार्जिणा म्हणण्याची कोणाची छाती नव्हती. कम्युनिस्टांनी प्रथम युद्धास कडवा विरोध केला; पण जून १९४१ मध्ये जर्मनीने रशियावर स्वारी केल्यानंतर त्यांची भूमिका पालटली व वर्ष संपता संपता ते ह्या युद्धास लोकयुद्ध म्हणू लागले. विद्यार्थ्यांची अखिल भारतीय संघटना १९३६ साली लखनौस स्थापन झाली होती. १९४० च्या डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात ती दुभंगली होतीच. आता एकाच वर्गातील दोन मुले युद्धाविषयी अगदी उलट बोलू लागली. सावरकर ह्यांचे सांगणे असे की, हिंदू तरुणांनी सैन्यात शिरून शस्त्रविद्या हस्तगत करावी, पुढे ती उपयोगी पडेल.

चौथे मत डॉ. आंबेडकर ह्यांचे, आणि सातारच्या संदर्भात ते विशेष महत्त्वाचे आहे. ज्यांचे शालेय शिक्षण साताऱ्यास सुरू झाले व ज्यांचे वडील लष्करात सुभेदार होते, त्या डॉ. आंबेडकरांना नाझी वंशवादाचा धोका पुरता दिसत होता. त्याखेरीज आणखी एक गोष्ट होती. महारांस लष्कराचे दार एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बंद करण्यात आले होते. पहिल्या महायुद्धात ते थोडे उघडले व १९२१ साली पुन्हा बंद झाले. ऑक्टोबर १९४१ मध्ये बेळगाव येथे महार पलटण उभी राहिली, तेव्हा ज्या तरुणांना गावच्या विहिरीवर पाणी भरता येत नव्हते त्यांस गणवेश, पगार व मान ही तिन्ही एकदम मिळाली. अशा तरुणास 'हे युद्ध आपले नव्हे' असे सांगावयास जाणाऱ्याने 'हे गाव तरी माझे आहे काय?' ह्या प्रतिप्रश्नाची तयारी ठेवावयास हवी होती. युद्ध लोकांस अप्रिय होते असे आपण म्हणतो, तेव्हा कोणत्या लोकांस, हेही विचारणे इतिहासकारास प्राप्त आहे.

ह्या निरनिराळ्या मतांच्या ओढाताणीतून एका तरुणाने कसा मार्ग काढला, ह्याचे उदाहरण यशवंतराव चव्हाण ह्यांच्या चरित्रात सापडते. देवराष्ट्रे येथे जन्मलेला हा मुलगा कराडच्या टिळक हायस्कुलात शिकत असता २६ जानेवारी १९३२ रोजी झेंडा लावल्याबद्दल अठरा महिन्यांच्या शिक्षेस पात्र झाला. पुढे कोल्हापुरास राजाराम कॉलेजात बी. ए. व पुण्यास कायद्याचा अभ्यास त्याने केला. मध्यंतरी रॉय ह्यांच्या विचारांचा त्याच्यावर पुष्कळ प्रभाव होता. परंतु युद्धाचा प्रश्न उभा राहताच त्याने रॉयवाद्यांची साथ सोडली. 'कृष्णाकाठ' ह्या आत्मचरित्रात त्यांनी ही हकीकत दिली आहे. हिटलर वाईट आहे हे त्यांस नव्याने समजावयाचे नव्हते. पण हिटलर वाईट आहे एवढ्यावरून, न विचारता लादलेल्या निर्णयास मान तुकवावी हे त्यांस पटले नाही.

आता वाळवा तालुक्यातील विद्यार्थ्यांकडे वळू. येथे विद्यार्थी ह्या शब्दाने मुंबई-पुण्याचा कॉलेजविद्यार्थी डोळ्यांपुढे आणून चालणार नाही. तालुक्यात इंग्रजी शाळा मोजक्या होत्या. बहुतेक मुलांची धाव व्हर्नाक्युलर फायनलपर्यंत. ती परीक्षा उतरली की प्राथमिक शिक्षक किंवा तलाठी होता येई. पुढे शिकावयाचे त्याने कोल्हापूर, सांगली, सातारा वा पुणे गाठून बोर्डिंगात राहावे. कर्मवीर भाऊराव पाटील हे मूळचे ह्याच तालुक्यातील ऐतवडे बुद्रुकचे. १९१९ साली त्यांनी काढलेल्या रयत शिक्षण संस्थेने व १९२४ च्या सातारच्या वसतिगृहाने शेतकऱ्यांच्या मुलांस हा मार्ग थोडा सुलभ केला. सर्व जातींची मुले एका पंक्तीस जेवत, हाताने काम करीत व शिकत. अशा मुलांचे गावाशी नाते तुटत नसे. सुट्टीत ती परत येत, सुगीत राबत आणि शहरात ऐकलेले गावात सांगत.

ह्या मुलांकडे आणखी एक काम असे, ज्याचे महत्त्व इतिहासात नोंदले गेलेले नाही. अनेक घरांत वाचता येणारा तोच एक. पलटणीतून भावाचे पत्र आले की त्यानेच ते आईस वाचून दाखवावयाचे व तिचे उत्तर त्यानेच लिहावयाचे. त्या पत्रांतून लढाईविषयी फारसे काही येत नसे. सेन्सॉरच्या हातून जे सुटे ते क्षेमकुशल व पैशाची वास्तपुस्त. पण ज्या मुलाने सकाळी ते पत्र वाचले, तोच रात्री देवळात चळवळीचे गुप्त पत्रक वाची. त्याच्या दृष्टीने युद्ध ही वर्तमानपत्रातील बाब नव्हती आणि युद्धास विरोध ही भावास विरोध करण्याची बाब नव्हती. भाऊ परत यावा, पण ज्याने त्यास न विचारता पाठविले तो जावा, अशी त्याची मनःस्थिती असली तर नवल नाही.

चळवळीची शिकवणी ह्या भागास आधीच मिळालेली होती. १९३० साली बिळाशीच्या जंगल सत्याग्रहाने साऱ्या परिसरास पोलिसांची दांडगाई सोसण्याचा धडा दिला होता. येडे मच्छिंद्रचे नाना पाटील तलाठ्याची नोकरी सोडून तेव्हापासूनच गावोगाव हिंडत होते. त्यांची सभा म्हणजे व्याख्यान नव्हे. ती गावच्या भाषेतील गोष्ट असे. तालुक्यातील दुसरे कार्यकर्ते येडे निपाणीचे पांडुरंग पाटील. लोक त्यांस पांडू मास्तर म्हणत. त्या काळच्या सातारच्या चळवळीत 'मास्तर' हा शब्द वरचेवर भेटतो, तो उगीच नव्हे. विद्यार्थी जेथे पुढे येतात तेथे त्यांच्या मागे बहुधा एखादा शिक्षक उभा असतो.

८ ऑगस्ट १९४२ च्या मुंबईच्या ठरावानंतर पुढाऱ्यांची धरपकड झाली आणि शाळा-कॉलेजे ओस पडली. पुण्यास ९ ऑगस्ट रोजीच काँग्रेस भवनावर झेंडा लावण्याच्या प्रयत्नात नारायण दाभाडे हा कोवळा मुलगा गोळीस बळी पडला. गवालिया टँकच्या सभेस गेलेले कार्यकर्ते व शहरांतून परतलेले विद्यार्थी ह्यांच्या द्वारे मुंबईची बातमी कृष्णाकाठी आली. आमच्या तालुक्यांतून तिचे रूप ठरले ते मामलेदार कचेरीवर मोर्चा हे. ही निवड मोठी मार्मिक होती. सारा वसूल होई तो कचेरीत, युद्धफंडाच्या वर्गणीचा तगादा निघे तो कचेरीतून. गावकऱ्याने सरकार म्हणून जे काही पाहिले होते ते ह्याच इमारतीत. तिच्यावर तिरंगा लावावयाचा व अधिकाऱ्यास 'आता राज्य लोकांचे आहे' हे सांगावयाचे, एवढाच बेत. हाती शस्त्र घ्यावयाचे नाही.

२४ ऑगस्ट रोजी कराडास बाळकृष्ण पाटील उंडाळकर ह्यांच्या पुढारपणाखाली मोर्चा निघाला व शांतपणे पार पडला. ३ सप्टेंबर रोजी तासगावास हजारो लोक जमले; तेथे मामलेदारास गांधी टोपी घालून झेंड्यास वंदन करावे लागले. युद्धात हिंदुस्थानास न विचारता ओढल्याला त्या दिवशी बरोबर तीन वर्षे पूर्ण झाली होती. तासगावच्या प्रकाराने सरकारचा तोरा दुखावला. पुढील मोर्चास उत्तर मिळावयाचे ते गोळीने, हे ठरल्यासारखेच झाले.

९ सप्टेंबर रोजी वडूज येथे परशुराम घार्गे झेंडा घेऊन पुढे होते. गोळीबार झाला आणि त्यांच्यासह नऊ जण ठार झाले. त्याच दिवशी दूर खानदेशात नंदुरबारला शिरीषकुमार मेहता हा सोळा वर्षेही पुरी न झालेला विद्यार्थी व त्याचे चार सोबती पोलिसांच्या गोळ्यांनी मारले गेले. आणि दुसऱ्याच दिवशी, १० सप्टेंबरला, इस्लामपूरचा मोर्चा होता.

वडुजाच्या रक्तपातानंतर अवघ्या एका दिवसाने खेड्याखेड्यांतून लोक इस्लामपुराकडे निघाले, ही गोष्ट तासगावच्या विजयाहून आम्हांस अधिक मोठी वाटते. विजयी मोर्च्यामागून जाणे सोपे असते. येथे गोळीची शक्यता डोळ्यांपुढे होती. कचेरीच्या रोखाने चाललेल्या ह्या जमावावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या व दोन माणसे हुतात्मा झाली. एक कामेरीचे विष्णू भाऊ बारपटे आणि दुसरे किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातील इंजिनियर उमाशंकर पंड्या.

ह्या दोन नावांपाशी क्षणभर थांबावे. कामेरी हे इस्लामपुराजवळचे शेतकऱ्यांचे गाव. किर्लोस्करवाडी ही औंध संस्थानच्या हद्दीत १९१० साली वसलेली कारखान्याची वसाहत. जेथून नांगर व पंप निघत आणि 'किर्लोस्कर', 'स्त्री', 'मनोहर' ही मासिके निघून आमच्या घराघरांत जात. पंड्या हे नावावरूनच गुजराती; शिकलेसवरलेले, चांगल्या नोकरीत असलेले गृहस्थ. दोघांपैकी कोणीही शाळेच्या बाकावरचा विद्यार्थी नव्हता. विद्यार्थ्यांनी जी गोष्ट गावात आणली ती केवळ त्यांची राहिली नव्हती, हे ह्यावरून दिसते. विद्यार्थ्यांच्या चळवळी बहुधा विद्यार्थ्यांतच सुरू होऊन विद्यार्थ्यांतच विरतात. वाळव्यात ती बांधावरून शेतात व शेतातून कारखान्यात गेली.

गोळीबारानंतर मोर्चे संपले व भूमिगत पर्व सुरू झाले. वाळव्याचे नागनाथ नायकवडी व कुंडलचे गणपती दादा लाड हे दोघेही १९२२ साली जन्मलेले. लाड पुण्यातील आयुर्वेदाचा अभ्यास सोडून आले. नायकवडी कोल्हापुरातील शिक्षण टाकून आले. १९४३ च्या मध्यापासून नाना पाटील ह्यांच्या नावाने जे प्रतिसरकार चालले, त्यात ही पिढी कर्ती होती. न्यायदान, दारूबंदी, थोडक्या खर्चातील गांधीविवाह ही त्याची एक बाजू. ७ जून १९४३ रोजी शेणोलीजवळ रेल्वे अडवून पगाराची रक्कम काढून घेणे ही दुसरी. खबऱ्यांस व गुंडांस दिलेल्या शिक्षाही त्यात आल्या. त्या शिक्षांत काही वेळा अन्याय झाला असेल, हे नाकारण्यात अर्थ नाही. न्यायाधीश, फिर्यादी व पोलीस एकाच घोंगडीवर बसले म्हणजे असे व्हावयाचेच.

पण आमच्या प्रश्नाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट निराळीच आहे. ह्या तरुणांनी जे दल उभारले त्याचे नाव तुफान सेना. त्याच्या प्रमुखास लोक कॅप्टन भाऊ म्हणत आणि गणपती दादा लाड हे फील्ड मार्शल म्हणविले जात. सरकारच्या युद्धात जाऊ नका असे सांगणाऱ्यांनी पदव्या मात्र पलटणीतूनच उचलल्या! इतकेच नव्हे, पुढे आझाद हिंद सेनेतील नानकसिंग हा पंजाबी जवान ह्या तरुणांस लष्करी शिक्षण देण्यास आला व २५ फेब्रुवारी १९४६ रोजी मणदूर येथील चकमकीत वाळव्याच्या किसन अहिर ह्यांच्याबरोबर धारातीर्थी पडला. ज्यास साम्राज्याने लढावयास पाठविले होते तो शिपाई आणि ज्याने लढावयास नकार दिला होता तो तरुण, हे दोघे एका डोंगरात शेजारी मेले. वाळव्याच्या साखर कारखान्यास किसन अहिर ह्यांचे नाव आहे.

ह्यावरून आमच्या आरंभीच्या प्रश्नाचे उत्तर स्पष्ट होते. सातारच्या तरुणांचा विरोध लढण्यास नव्हता. तो न विचारता लढावयास लावण्यास होता. १९३३ च्या फेब्रुवारीत ऑक्सफर्डच्या विद्यार्थ्यांनी आपल्या वादसभेत राजा व देश ह्यांच्यासाठी कदापि लढणार नाही असा ठराव २७५ विरुद्ध १५३ मतांनी केला होता. तो युद्धाचाच वीट आलेल्या पिढीचा ठराव होता. वाळव्याच्या मुलांची भूमिका त्याहून वेगळी होती. ऑगस्टच्या ठरावातही स्वतंत्र हिंदुस्थान आपली सारी शक्ती आक्रमणाच्या प्रतिकारास लावील असे स्पष्ट म्हटले होते. हिंदुस्थानाने आपल्या संमतीने लढावे, इतकेच मागणे होते.

तथापि एका गंभीर आक्षेपाचा विचार केल्यावाचून हे प्रकरण मिटविता येणार नाही. सप्टेंबर १९४२ मध्ये जपानी सैन्य ब्रह्मदेश घेऊन सरहद्दीवर उभे होते; त्याच वर्षीच्या एप्रिलात विशाखापट्टण व काकिनाड्यावर त्याचे बाँब पडले होते; स्टालिनग्राडच्या रस्त्यांवर जगाचे भवितव्य ठरत होते. अशा वेळी तारा तोडणे, रूळ उखडणे व कचेऱ्या बंद पाडणे म्हणजे हिटलर-तोजो ह्यांच्या पथ्यावर पडणारी गोष्ट नव्हे काय? तर्कतीर्थांसारख्यांनी हा प्रश्न विचारला होता व तो खोटा नव्हता. त्याचे उत्तर द्यावयाचे तर दोन गोष्टी सांगाव्या लागतील. पहिली अशी की, चळवळीने सैन्याचा ओघ थांबला नाही. १९३९ साली सुमारे दोन लाखांचे असलेले हिंदी सैन्य १९४५ पर्यंत पंचवीस लाखांवर गेले. पोटाची निकड ही कोणत्याही जाहीर सभेहून जास्त माणसे पलटणीत पाठविते. दुसरी गोष्ट अशी की, फॅसिझमविरुद्ध स्वातंत्र्याचे युद्ध म्हणून जे युद्ध पुकारावयाचे, त्यासाठी लागणारी माणसे पारतंत्र्याच्या हक्काने घ्यावयाची, ह्यातील विसंगती विद्यार्थ्यांनी निर्माण केलेली नव्हती. ती दाखविल्याचा दोष त्यांच्यावर येऊ शकत नाही.

येथे युरोपातील एक उदाहरण आठवते. म्यूनिच विद्यापीठातील हान्स व सोफी शोल ह्या भावंडांनी हिटलरच्या युद्धाविरुद्ध पत्रके वाटली म्हणून २२ फेब्रुवारी १९४३ रोजी त्यांचा शिरच्छेद झाला. त्याच महिन्यांत कृष्णाकाठचे तरुण उसाच्या फडांत लपून चर्चिलच्या सरकारविरुद्ध पत्रके वाटीत होते. दोघांची सरकारे एकमेकांची हाडवैरी. दोघांस एकमेकांचा पत्ताही नाही. तरी दोघांचे मूळ म्हणणे एक होते: आमच्या नावाने जे चालले आहे त्यास आमची संमती नाही.

ह्या विचाराची खरी कसोटी मात्र वीस वर्षांनी लागली. ज्या यशवंतरावांस पकडण्यासाठी सरकारने बक्षीस लाविले होते, ते महाराष्ट्राचे मुख्यमंत्री असताना २३ जून १९६१ रोजी देशातील पहिली सैनिकी शाळा निघाली ती साताऱ्यास. चीनच्या आक्रमणानंतर नोव्हेंबर १९६२ मध्ये ते भारताचे संरक्षणमंत्री झाले. आणि ज्या मुलखात त्यांनी तरुणपणी युद्धविरोधी प्रचार केला होता, तेथील तरुण सैन्यात भरती होऊ लागले, बायकांनी अंगावरचे सोने संरक्षण निधीस दिले. हा विचारपालट म्हणावा काय? आम्हांस तसे वाटत नाही. १९४२ साली नकार देणाऱ्याने व १९६२ साली होकार देणाऱ्याने एकच तत्त्व पाळले. फरक पडला होता तो मागणाऱ्यात. मात्र त्यातूनच एक जबाबदारी निघते, आणि ती स्वराज्यातील सरकारवर अधिक आहे. संमती एकदा मिळाली म्हणजे ती कायमची खिशात पडली असे नव्हे. अमेरिकेसारख्या लोकसत्तेतही व्हिएतनामच्या युद्धाच्या वेळी विद्यार्थ्यांनी हाच प्रश्न विचारला, आणि ४ मे १९७० रोजी केंट येथील विद्यापीठात चार विद्यार्थी सरकारी सैनिकांच्या गोळ्यांनी मेले. लोकांनी निवडलेल्या सरकारासही तरुणांचा प्रश्न ऐकण्याचा कंटाळा येऊ शकतो.

आमच्या पाठ्यपुस्तकांत पलटणीचा पराक्रम एका धड्यात असतो व बेचाळीसचा लढा दुसऱ्या धड्यात. मुलांस वाटते, ती दोन निराळी माणसे. अपशिंग्याचे ४६ जवान व इस्लामपूरचे दोन हुतात्मे ह्यांची हकीकत एकाच धड्यात शिकविली पाहिजे, म्हणजे त्यांस कळेल की ती एकाच जिल्ह्याची, कित्येकदा एकाच घरची माणसे होती. लढावयास जाणाऱ्या मुलाचा जीव जितका मोलाचा, तितकाच 'का जावयाचे?' असे विचारणाऱ्या मुलाचा प्रश्नही मोलाचा आहे. त्याचे उत्तर देण्याचे कष्ट ज्या राज्यास नकोसे वाटतात, त्याने पहिल्याचा जीव मागू नये.